थरांचे आइस्क्रीम आणि उष्णतेचा हिशेब

पाणी ०° से. ला गोठते. दूध त्याहून अर्धा अंश खाली गोठते. दुधात साखर घातली की हा गोठणबिंदू आणखी दीड-दोन अंशांनी उतरतो. आता गोड दुधाचा डबा वितळत्या बर्फात पुरून ठेवला तर काय होईल? दूध गार होईल, पण गोठणार मात्र नाही. वितळता बर्फ ०° वरच असतो. तो दुसऱ्या वस्तूला स्वतःपेक्षा थंड कसे करणार? पण त्याच बर्फात खडे मीठ मिसळले, की दहा-पंधरा मिनिटांत डब्याच्या कडेला दूध धरू लागते. बर्फ तोच, डबा तोच. मीठ तर बाहेरच राहिले. मग झाले काय?

या प्रश्नाचे उत्तर घरच्या घरी शोधता येते, आणि प्रयोग संपल्यावर तो खाताही येतो! केकचा पातळ थर, त्यावर वेलचीचे, आंब्याचे व गुळाचे आइस्क्रीम असा चार थरांचा आइस्क्रीम-केक कसा करायचा आणि त्यातील प्रत्येक पायरीमागे कोणते विज्ञान आहे, हे या लेखात पाहू या. एक सूत्र आरंभीच लक्षात ठेवा. ‘थंडी’ नावाचा पदार्थ नाही. ती कोणी कोणाला देत नाही. एका वस्तूतून दुसऱ्या वस्तूत जाते ती उष्णता. आइस्क्रीम करणे म्हणजे दुधातील उष्णता बाहेर काढणे, आणि थर लावणे म्हणजे एका थराची उष्णता दुसऱ्याला न बाधेल अशी व्यवस्था करणे.

माल घरचाच

कोल्हापूर जिल्ह्याच्या हातकणंगले तालुक्यातील पेठ वडगाव हे बाजारपेठेचे गाव. भोवती उसाचा मुलूख, आणि दुभत्या म्हशींची परंपरा. कोल्हापूर जिल्हा सहकारी दूध उत्पादक संघ, म्हणजेच ‘गोकुळ’, १९६३ साली स्थापन झाला. वारणेकाठची वारणा दूध संस्थाही जवळचीच. ऊस आहे म्हणून गूळ आहे, आणि कोल्हापुरी गुळाची कीर्ती सांगायला नको. घाट उतरले की कोकणातला हापूस. म्हणजे आमच्या चार थरांसाठी लागणारा बहुतेक माल वडगावच्या बाजारात सहज गोळा होईल.

म्हशीच्या दुधाचा येथे मोठा फायदा आहे. गाईच्या दुधात स्निग्धांश साधारण साडेतीन-चार टक्के असतो, तर म्हशीच्या दुधात सहा-सात टक्के. आपल्या देशाच्या अन्नविषयक नियमांनुसार ‘आइस्क्रीम’ म्हणवणाऱ्या पदार्थात दुधाचा स्निग्धांश किमान १० टक्के असावा लागतो. दुधाच्या स्निग्धांशाऐवजी वनस्पती तेल वापरले असेल तर त्या पदार्थाला ‘फ्रोझन डेझर्ट’ म्हणावे लागते. पुढच्या वेळी पाकीट हातात आले की हे दोन शब्द जरूर शोधा.

मूळ मिश्रण

एक लिटर म्हशीचे दूध घ्या. त्याचे वजन सुमारे १०३० ग्रॅम भरेल. ते चांगले उकळा आणि मंद आचेवर ढवळत, वजन ७५० ग्रॅम होईपर्यंत आटवा. थोड्या थंड दुधात १० ग्रॅम मक्याचे पीठ कालवून ते आटीव दुधात घाला व दोन-तीन मिनिटे शिजवा. शेवटी २०० ग्रॅम मलई घालून मिश्रण रवीने घुसळून एकजीव करा. मलई २५ टक्के स्निग्धांशाची, पाकिटात मिळते ती घ्यावी. घरच्या सायीच्या गुठळ्या फिरवताना लोण्याचे कण होतात व जिभेला लागतात.

आता हिशेब पाहा. दुधात साडेसहा टक्के स्निग्धांश धरला तर तो ६७ ग्रॅम होतो. मलईतून आला ५० ग्रॅम. एकूण ११७ ग्रॅम. मिश्रणाचे वजन ७५० + २०० + १० = ९६० ग्रॅम. याचे तीन सारखे भाग केले की प्रत्येक भाग ३२० ग्रॅमचा, व त्यात स्निग्धांश ३९ ग्रॅम. मिश्रण कोमट झाल्यावर हे तीन भाग वेगळे करून असे गोड करा :

वेलचीचा थर : ५५ ग्रॅम साखर, थोडी वेलचीपूड.
आंब्याचा थर : ४० ग्रॅम साखर, आणि मिश्रण पूर्ण गार झाल्यावर १२० ग्रॅम हापूसचा रस.
गुळाचा थर : ६५ ग्रॅम चिरलेला गूळ, मिश्रण गार झाल्यावरच.

वेलचीच्या थराचे एकूण वजन ३७५ ग्रॅम. त्यात ३९ ग्रॅम स्निग्धांश, म्हणजे १० टक्क्यांहून थोडा जास्त. नियमात बसले!

गूळ गार मिश्रणातच का घालायचा? गुळात थोडी आम्लता व काही क्षार असतात. दुधातील केसीन या प्रथिनाचे सूक्ष्म कण एरवी एकमेकांपासून अलग तरंगतात. आम्लता आणि उष्णता एकत्र आली की ते एकमेकांना चिकटतात आणि दूध फाटते. गुळाची खीर करताना घरातील जाणती माणसे गूळ शेवटी का घालतात, हे आता कळले असेल.

तिन्ही भांडी झाकून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवा. या अवधीत दुधातील स्निग्ध कण काहीसे घट्ट होतात, मक्याचे पीठ व प्रथिने पाणी धरून ठेवतात, आणि फिरवताना हवा अधिक चांगली कोंडली जाते. शिवाय बर्फाचीही बचत होते. ती किती, हे पुढे दिसेलच.

एक सावधगिरी

कोल्हापुरात गंगावेशीच्या दूधकट्ट्यावर धारोष्ण दूध पिण्याची जुनी चाल आहे. पण आइस्क्रीमसाठी न तापवलेले दूध कधीही वापरू नका. गोठल्यामुळे रोगजंतू मरतात, अशी पुष्कळांची समजूत असते. ती चुकीची आहे. थंडीत बहुतेक जंतूंची वाढ थांबते, पण ते जिवंत राहतात व ऊब मिळताच पुन्हा वाढू लागतात. जंतू मारण्याचे काम उष्णतेचे आहे, आणि ते दूध चुलीवर असतानाच उरकून घ्यावे लागते.

बर्फाचीही तीच गोष्ट. कारखान्यातील लादी ही नेहमी पिण्याच्या पाण्याचीच असते असे नाही. म्हणून महाराष्ट्रात २०१८ सालापासून खाण्यासाठी नसलेल्या बर्फाला फिका निळा रंग देणे बंधनकारक केले आहे. निळा बर्फ डब्याच्या बाहेर वापरायला हरकत नाही, पण त्याचा कण किंवा थेंबही डब्यात जाता कामा नये.

मिठाची किमया

आता मूळ प्रश्नाकडे वळू. वितळत्या बर्फात ०° ला दोन क्रिया एकाच वेळी चालू असतात. बर्फाच्या पृष्ठभागावरील काही रेणू सुटून पाण्यात येतात, आणि पाण्यातील काही रेणू पुन्हा बर्फाला चिकटतात. दोन्हींचा वेग सारखा असला की समतोल राहतो. आता पाण्यात मीठ विरघळले. मिठातील सोडिअम व क्लोराइड आयन पाण्याच्या रेणूंमध्ये मिसळल्यामुळे बर्फाला परत चिकटणाऱ्या पाण्याच्या रेणूंची संख्या घटते. सुटण्याचा वेग मात्र तोच राहतो. साहजिकच बर्फ वितळत जातो.

पण बर्फ वितळायला उष्णता लागते. १ ग्रॅम बर्फाचे ०° च्या पाण्यात रूपांतर होताना सुमारे ८० कॅलरी (३३४ ज्यूल) उष्णता खर्ची पडते. हाच अप्रकट उष्मा. ही उष्णता कोठून येणार? आधी त्या बर्फ-मिठाच्या मिश्रणातूनच, म्हणून त्याचे तापमान ०° खाली घसरते. मग शेजारच्या डब्यातून, म्हणून दूध गोठते. म्हणजे दूध गोठते ते बर्फ वितळतो म्हणून! बर्फ जसाच्या तसा राहिला असता तर त्याने दुधाची उष्णता घेतलीच नसती.

ही घसरण कोठवर जाते? वजनाने तीन भाग बर्फ व एक भाग मीठ या प्रमाणाच्या आसपास ती सर्वांत खाली, म्हणजे उणे २१° से. पर्यंत पोहोचते. त्याहून अधिक मीठ घातले तर ते न विरघळता तळाशी बसते. फिरवताना मात्र पाच किलो बर्फाला एक किलो मीठ पुरे. तापमान साधारण उणे दहा ते पंधरा अंशांच्या दरम्यान राहते. अगदी सुरुवातीलाच फार थंड केले तर दूध डब्याच्या कडेला दगडासारखे धरते व दांडा फिरेनासा होतो.

जुनी युक्ती

क्षारांच्या साहाय्याने थंडावा निर्माण करण्याची युक्ती आपल्याकडे बरीच जुनी आहे. अकबराच्या काळी शोऱ्याच्या पाण्यात भांडे हलवून आतील पिण्याचे पाणी गार करीत, असे अबुल फझलने ‘ऐने अकबरी’त नोंदविले आहे. शोरा पाण्यात विरघळताना उष्णता शोषून घेतो. येथे बर्फाचीही गरज नाही. पुढे फॅरनहाइट या शास्त्रज्ञाने १७२४ साली आपल्या तापमापकाचा शून्य बिंदू सांगताना बर्फ, पाणी व नवसागर यांच्या मिश्रणाचाच आधार घेतला. फॅरनहाइटच्या मापात पाण्याचा गोठणबिंदू ० न येता ३२ का येतो, याचे हे कारण.

१८३३ साली अमेरिकेतून तळ्यातील नैसर्गिक बर्फ जहाजात भुशामध्ये बांधून कोलकात्याला आला. आणि १८४३ साली फिलाडेल्फियाच्या नॅन्सी जॉन्सन या बाईंनी दांडा फिरवून आइस्क्रीम करण्याच्या यंत्राचे पेटंट घेतले. आपल्याकडे लग्नसराईत व उन्हाळी सुटीत घुमणारा आइस्क्रीमचा पॉट याच जातीचा. बाहेर लाकडी बादली, आत धातूचा डबा, डब्यात पाते आणि वर दांडा. प्रत्येक वस्तूची निवड विचारपूर्वक आहे. लाकूड उष्णतेचे मंदवाहक, म्हणून बाहेरची उष्णता बर्फाकडे सावकाश येते. धातू सुवाहक, म्हणून दुधाची उष्णता बर्फाकडे झटपट जाते.

दांडा कशासाठी?

डबा नुसता बर्फ-मिठात ठेवला तरी दूध गोठेल. मग हात दुखेपर्यंत फिरवायचे कशाला?

दूध प्रथम डब्याच्या कडेला गोठते. ते तसेच राहू दिले तर तेथील स्फटिक आत आत वाढत जातात व खाताना खडीसारखे लागतात. पाते ती कड सतत खरवडते आणि सुटलेले कण मधल्या दुधात मिसळते. मोठे स्फटिक थोडे होण्याऐवजी बारीक स्फटिक अगणित होतात. स्फटिक ५० मायक्रॉनांहून लहान असले, म्हणजे आपल्या केसाच्या जाडीपेक्षाही कमी, तर ते जिभेला जाणवत नाहीत. ‘मऊ’ आइस्क्रीमचे रहस्य ते हेच.

दुसरे काम हवा कोंडण्याचे. फिरवताना सूक्ष्म बुडबुडे आत शिरतात आणि स्निग्ध कण त्यांच्याभोवती कवच करतात. हवा नसती तर आइस्क्रीमची वीट झाली असती. पण हवा किती असावी यालाही मर्यादा आहे. नियमाप्रमाणे एक लिटर आइस्क्रीमचे वजन किमान ५२५ ग्रॅम असावे लागते. न फिरवलेल्या मिश्रणाचे एक लिटर मात्र सुमारे १०९० ग्रॅम भरते. याचा अर्थ असा की, ५२५ ग्रॅमच्या त्या एका लिटरमध्ये अर्ध्याहून अधिक जागा हवेने व्यापलेली असू शकते! घरच्या पॉटमध्ये हवा बरीच कमी शिरते, म्हणून घरचे आइस्क्रीम जड आणि दाट लागते.

बादलीत चार बोटे बर्फाचा चुरा, त्यावर मूठभर मीठ, पुन्हा बर्फ असे भरत जा. मिठाचे पाणी झाकणाच्या खालीच राहिले पाहिजे. एकेका थराचे मिश्रण वीस मिनिटांच्या आसपास फिरवावे लागेल. दांडा जड लागू लागला की थांबा. डबा उघडण्यापूर्वी झाकण नीट पुसा. या वेळी आइस्क्रीम उणे पाच अंशांच्या आसपास असते; त्यातील अर्ध्याहून थोडे अधिक पाणी गोठलेले असते, उरलेले साखरेच्या दाट पाकाच्या रूपात द्रवच असते. म्हणून तर ते चमच्याने उचलता येते.

पॉट नसेल तर मिश्रण पसरट स्टीलच्या डब्यात घालून फ्रीझरमध्ये ठेवा, आणि दर पाऊण तासाने बाहेर काढून, कडा खरवडून, रवीने जोरात घुसळा. असे चार वेळा करा. पात्याचे काम तुमच्या हाताने केले, इतकेच.

बर्फ किती लागेल?

एक किलो मिश्रणाचा हिशेब करू. त्यात पाणी सुमारे ६४० ग्रॅम असते. फ्रिजमधील ५° पासून उणे ५° पर्यंत न्यायचे, म्हणजे १० अंश. मिश्रणाचा विशिष्ट उष्मा ढोबळपणे ०.८ धरला तर,

१००० × १० × ०.८ = ८,००० कॅलरी.

निम्मे पाणी, म्हणजे ३२० ग्रॅम, गोठायचे :

३२० × ८० = २५,६०० कॅलरी.

एकूण ३३,६०० कॅलरी. एक ग्रॅम बर्फ वितळताना ८० कॅलरी घेतो. म्हणून लागणारा बर्फ ३३,६०० ÷ ८० = ४२० ग्रॅम.

आणि मिश्रण फ्रिजमध्ये न ठेवता वडगावच्या वैशाखातील ३५° तापमानावरच पॉटमध्ये ओतले तर? आणखी ३० अंश उतरवायचे. १००० × ३० × ०.८ = २४,००० कॅलरी, म्हणजे ३०० ग्रॅम बर्फ जास्त. रात्रभर फ्रिजमध्ये ठेवल्याने एवढा बर्फ वाचतो.

प्रत्यक्षात मात्र तीन थरांना मिळून पाच-सहा किलो बर्फ आणावा लागतो. कारण बर्फ केवळ दुधाचीच उष्णता घेत नाही. बादलीच्या भिंतीतून, उघड्या तोंडातून व भोवतालच्या हवेतून येणारी उष्णताही त्यालाच गिळावी लागते. बादलीभोवती ओले गोणपाट गुंडाळून, सावलीत बसून काम केले तर बर्फ कमी लागतो.

केकचा थर म्हणजे घोंगडे

घोंगडे उबदार असते असे आपण म्हणतो. पण बर्फाची लादी घोंगड्यात गुंडाळली तर ती उशिरा वितळते. घोंगडे ऊब देत नाही. त्याच्या धाग्यांत कोंडलेली हवा उष्णतेची ये-जा रोखते. केक हाही असाच हवेने भरलेला पदार्थ. ताटलीची उष्णता वरच्या आइस्क्रीमपर्यंत लवकर पोहोचू नये म्हणून तो तळाशी ठेवायचा. पाश्चात्त्यांच्या ‘बेक्ड अलास्का’ नावाच्या पदार्थात आइस्क्रीम खाली केकने आणि वरून अंड्याच्या पांढऱ्याच्या फेसाने झाकून चक्क तापलेल्या भट्टीत ठेवतात. बाहेरचा फेस तांबूस भाजला जातो, आतील आइस्क्रीम गोठलेलेच राहते.

आपल्या केकसाठी १०० ग्रॅम मैदा, ७५ ग्रॅम पिठीसाखर, १०० ग्रॅम दही, ४० ग्रॅम तेल, पाव चमचा खाण्याचा सोडा व अर्धा चमचा बेकिंग पावडर घ्या. दह्यातील आम्ल व सोडा यांच्या संयोगाने कार्बन डायऑक्साइड वायू तयार होतो व पीठ फुगते. म्हणून पीठ कालवले की ताबडतोब भाजायला ठेवा. जुन्या कुकरच्या तळाशी इंचभर वाळू घाला, शिट्टी व रबर काढून ठेवा, आत पिठाचा डबा ठेवून मंद आचेवर पस्तीस-चाळीस मिनिटे भाजा. हे काम मोठ्यांच्या देखरेखीखालीच करा.

लोण्याऐवजी तेल का? लोणी थंडीत घट्ट होते, आणि फ्रीझरमधील केक लाकडासारखा लागतो. तेल त्या मानाने मऊ राहते. तसेच केक ओलसर करायचा असेल तर साधे पाणी शिंपडू नका, ते गोठून खडा होईल. साखरेचा पाक लावा. त्याचा गोठणबिंदू खाली असतो.

थर लावताना

आता कसोटीचा भाग. सात इंच व्यासाचा स्टीलचा डबा घ्या. आत लोणीकागद बसवा. तळाला बोटभर जाडीची केकची चकती ठेवा आणि डबा तासभर फ्रीझरमध्ये ठेवून आधी तोच थंड करा.

पहिला वेलचीचा थर पॉटमधून काढून लगेच पसरा आणि दोन तास घट्ट होऊ द्या. चमच्याने दाबल्यावर खळगा पडला नाही तरच दुसरा थर चढवा. तोही पॉटमधून काढलेला, उणे पाच अंशांवरचा हवा. पातळ मिश्रण ओतायचे नाही. का ते हिशेबाने पाहा. वर आपण काढले की, एक किलो मिश्रण फिरवून गोठेपर्यंत ३३,६०० कॅलरी बाहेर जातात. ४८० ग्रॅमचा आंब्याचा थर न फिरवता तसाच ओतला, तर यातील सुमारे १६,००० कॅलरी त्याच्यातच शिल्लक असतात. त्या निघणार कोठून? बऱ्याचशा खालच्या थराच्या पृष्ठभागावर जाणार. मग तो थर वरून वितळतो, त्यातील हवा निसटते, दोन्ही थर एकमेकांत मिसळतात, आणि पुन्हा गोठताना सांध्यावर मोठ्या स्फटिकांची पापडी तयार होते. केक कापताना थर याच पापडीवर सुटून येतात. फिरवलेल्या आइस्क्रीमने मात्र आपली बहुतेक उष्णता बर्फ-मिठाला आधीच दिलेली असते. ते खालच्या थराला जेमतेम चिकटण्यापुरते मऊ करते. हवे असते तेवढेच.

थर पातळ, म्हणजे दोन सेंटिमीटरच्या आसपास ठेवण्यालाही कारण आहे. हवेमुळे आइस्क्रीम स्वतःच उष्णतेचे मंदवाहक असते. थराची जाडी दुप्पट झाली तर आतपर्यंत थंड व्हायला सुमारे चौपट वेळ लागतो, कारण उष्णतेला दुप्पट अंतर तोडायचे असते व दुप्पट उष्णता बाहेर पडायची असते.

कोणता थर कोठे? सर्व थर एकाच तापमानाला असले तरी सारखेच कडक नसतात. गोठणबिंदू किती उतरेल हे विरघळलेल्या कणांच्या संख्येवर अवलंबून असते. साखरेचा एक रेणू फुटला की ग्लुकोज व फ्रुक्टोज असे दोन लहान रेणू होतात. म्हणून तेवढ्याच वजनात कणांची संख्या जवळजवळ दुप्पट भरते. गुळात व आंब्यात साखरेबरोबर असे लहान रेणूही असतात. साहजिकच गुळाचा थर साखरेच्या थराहून मऊ राहतो. म्हणून खाली वेलची, मध्ये गूळ आणि वर आंबा असा क्रम लावा. मऊ थराला दोन्ही बाजूंनी आधार मिळतो, आणि पांढरा, तपकिरी, केशरी असे रंगही उठून दिसतात. आंब्याच्या थरात साखर कमी का घेतली, तेही आता तुमच्या ध्यानात आले असेल.

शेवटी डबा झाकून रात्रभर फ्रीझरमध्ये ठेवा. वीज जाण्याची भीती असेल तर जुना उपाय आहेच. मोठ्या भांड्यात तीन भाग बर्फ व एक भाग मीठ घालून त्यात घट्ट झाकणाचा डबा पुरा, आणि भांडे गोणपाटाने झाका.

वाढण्यापूर्वी केक दहा मिनिटे फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवा. सुरी कोमट पाण्यात बुडवून, पुसून, एकेक तुकडा कापा. उरलेला केक वितळू लागण्याआधीच परत ठेवा. एकदा वितळलेले आइस्क्रीम पुन्हा गोठवू नये. वितळताना बारीक स्फटिक आधी नाहीसे होतात; पुन्हा गोठताना ते पाणी उरलेल्या मोठ्या स्फटिकांवर जमते, आणि आइस्क्रीम खडबडीत होते. शिवाय मधल्या वेळात ते ऊबेला राहिले असेल तर जंतूंनाही संधी मिळालेली असते.

वर्गात करून पाहा

दोन पेल्यांत सारख्या वजनाचा बर्फाचा चुरा घ्या. एकात चौथा हिस्सा मीठ मिसळा. दोन्हींत थोडे पाणी भरलेली एकेक परीक्षानळी उभी करा. दर दोन मिनिटांनी तापमान नोंदवून आलेख काढा. शाळेतील नेहमीचा तापमापक उणे १०° पर्यंतच दाखवतो. पारा त्याच्याही खाली गेला तर आश्चर्य मानू नका. तापाचा तापमापक या कामी वापरू नये.

शिक्षकांनी एक गोष्ट कटाक्षाने पाहावी. बर्फ-मिठाचे मिश्रण उघड्या हाताने धरू देऊ नये. उणे पंधरा अंशांचे मिश्रण त्वचेवर थोडा वेळ राहिले तरी भाजल्यासारखी जखम होते, आणि त्वचा आधीच बधिर झाल्याने ते चटकन कळतही नाही. पैज म्हणून तर असा खेळ मुळीच खेळू नये.

प्रयोग संपल्यावर उरलेले खारे पाणी कुंडीत किंवा वाफ्यात ओतू नका. जमिनीत क्षार साचले की पिकाची काय गत होते, हे आपल्याच जिल्ह्यातील शिरोळ तालुक्याच्या क्षारपड शेतांनी दाखवून दिले आहे. बर्फ खाण्याचा नव्हता, तर ते मीठही खाण्याचे नव्हे. पाणी पसरट परातीत उन्हात ठेवा. पाणी उडून जाईल, मीठ मागे राहील, आणि ते पुढच्या पॉटसाठी पुन्हा उपयोगी पडेल.

आता तुमच्यासाठी तीन प्रश्न :

१. आंब्याच्या थरात स्निग्धांशाचे प्रमाण किती टक्के येते? ते १० टक्क्यांवर न्यायचे तर मलई किती वाढवावी लागेल?

२. साखर अजिबात न घालता मिश्रण गोठवले तर आइस्क्रीम अधिक कडक होईल की मऊ? का?

३. मिठाऐवजी तेवढ्याच वजनाची साखर बर्फात मिसळली तर दूध गोठेल का? आधी तर्क करा, मग एका पेल्यात करून पाहा.

तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर ज्याला कारणासह सांगता येईल, त्याला मिठाची सारी किमया समजली असे खुशाल म्हणावे.